वाचक विचारतात : पट्टी, गिटार आणि गाण्याचे कागद

लोकगीतं आणि कंट्रीच्या वळणाची स्वतःची गाणी लिहिणाऱ्या, गाणाऱ्या वाचकांची या वेळी बरीच पत्रं आली. एकसारखे प्रश्न एकत्र करून ही उत्तरं दिली आहेत. कागदपत्रांच्या प्रश्नाला जागा जास्त गेली आहे, कारण नुकसान तिथेच सगळ्यांत जास्त होतं.

माझी पट्टी काळी चार. पेटीवर सगळं ठीक बसतं, पण गिटारवाला म्हणतो, "ताई, पांढरी पाचमध्ये गा." तिथे माझा आवाज खुलत नाही. काय करावं? — गायिका, मानेवाडा

तुम्ही पट्टी बदलू नका, त्याला कॅपो, म्हणजे मानेवर सगळ्या तारा दाबून धरणारी चाप, लावायला सांगा. काळी चार म्हणजे जी शार्प. कॅपोशिवाय तिथे सगळे बार कॉर्ड, म्हणजे एका बोटाने आडव्या तारा दाबून धरायचे कॉर्ड, येतात. दोन गाण्यांत हात भरून येतो, म्हणून तो पांढरी पाच सुचवतो. पहिल्या फ्रेटवर, म्हणजे मानेवरच्या पहिल्या घरात, कॅपो लावून जीच्या आकारात वाजवलं की काळी चार मिळते. चौथ्या फ्रेटवर ईच्या आकारातही मिळते, पण आवाज बारीक होतो. इतर पट्ट्यांचा हिशेबही वहीत लिहून ठेवा. काळी एकसाठी पहिल्या फ्रेटवर सीचा आकार किंवा चौथ्यावर एचा. काळी दोनसाठी पहिल्यावर डी किंवा तिसऱ्यावर सी. काळी तीनसाठी दुसऱ्यावर ई किंवा चौथ्यावर डी. काळी पाचसाठी पहिल्यावर ए किंवा तिसऱ्यावर जी.

कॅपो फ्रेटच्या दांडीला अगदी खेटून, तिच्या मागच्या बाजूला बसवायचा. मधोमध बसवला की तारा ओढल्या जातात आणि सूर चढतो. आधी कॅपो लावायचा आणि मग तारा लावायच्या, उलटं नाही. पेटी मंचावर सुरात आणता येत नाही, त्यामुळे गिटारनेच पेटीकडे यायचं. जुन्या पेट्या बहुतेकदा ४४० हर्ट्झ या नेहमीच्या मापापेक्षा चढ्या असतात. मधल्या सप्तकातली पांढरी सहा दाबून धरा आणि ट्यूनरचा आकडा ४४१, ४४२ असा एकेक वाढवत काटा मध्यावर आणा. मग त्याच आकड्यावर गिटार लावा. ढोलकीची चाटी सर्वांत शेवटी, पेटीच्या सा वर.

आता एक गोष्ट, जी गिटारवाले सहसा ऐकत नाहीत. आपल्या बऱ्याच चालींत कोमल गंधार असतो, आणि जीच्या नेहमीच्या कॉर्डमध्ये शुद्ध गंधार वाजत राहतो. गळा एक म्हणतो, गिटार दुसरंच म्हणते. ऐकणाऱ्याला वाटतं, बाई बेसूर गाते. यावर उपाय आहे. सहाव्या तारेवर तिसरा फ्रेट धरा, पाचवी तार बोटाच्या कडेने बंद करा, चौथी आणि तिसरी मोकळी सोडा, दुसरी आणि पहिली दोन्ही तिसऱ्या फ्रेटवर दाबा. आता फक्त सा आणि प उरले. तंबोऱ्यासारखा हा आधार भैरवीच्या अंगाच्या चालीलाही चालतो. कॉर्ड ओळ संपताना बदला, प्रत्येक मात्रेला नको.

मे महिन्यात गिटारच्या तारा खरखरतात, पावसाळ्यात त्याच तारा उंच होऊन बोटं दुखतात. दुकानदार म्हणतो, सॅडल (तारा टेकतात ती हाडाची पट्टी) घासून देतो. द्यावं का? — विद्यार्थी, काटोल रोड

ऑगस्टमध्ये तर मुळीच घासून घेऊ नका. गिटारचं लाकूड हवेतला ओलावा पितं आणि सोडतं. नागपुरात मे महिन्यात पारा ४५च्या पुढे जातो आणि दुपारी हवेतली आर्द्रता २० टक्क्यांखाली येते. वरची फळी आकसून खाली बसते, तारा फ्रेटच्या जवळ येतात आणि खरखर सुरू होते. फिंगरबोर्डही आकसतो, म्हणून फ्रेटची टोकं हाताला टोचतात. पावसाळ्यात फळी फुगते, ब्रिज, म्हणजे तारा अडकवलेला लाकडी तुकडा, वर उचलला जातो. तेव्हा घासलेलं सॅडल पुढच्या उन्हाळ्यात खरखर आणखी वाढवतं, आणि घासलेलं हाड काही परत वाढत नाही.

गिटारला ४५ ते ५५ टक्के आर्द्रता मानवते. एक छोटा हायग्रोमीटर, म्हणजे आर्द्रता मोजायचा मीटर, घ्या, पण आधी तो खरा आकडा दाखवतो का ते पाहा. बाटलीच्या झाकणात मीठ घ्या, चिखलासारखं ओलं होईल इतकंच पाणी घाला, झाकण आणि मीटर एका बंद पिशवीत रात्रभर ठेवा. सकाळी मीटरने ७५ दाखवायला हवं. ७० दाखवलं तर पाचाचा फरक धरून चाला.

उन्हाळ्यासाठी साबणाच्या प्लास्टिकच्या डबीला भोकं पाडा, आत स्पंज भिजवून घट्ट पिळून ठेवा आणि ती केसमध्ये गिटारच्या डोक्याजवळ सरकवा. दर तीन-चार दिवसांनी स्पंज बघा. पाणी ठिबकलं तर फायद्यापेक्षा तोटाच. पावसाळ्यात तीच डबी काढून सिलिका जेलच्या पुड्या. गिटार भिंतीवर टांगायची हौस असेल तर निदान कूलरच्या तोंडासमोर टांगू नका. कूलर चालू असताना खोली दमट, बंद केला की दोन तासांत कोरडी. रोजच्या या हेलकाव्यानेच फळीला चीर जाते.

मान वाकली आहे का, हेही बघून घ्या. सहावी तार पहिल्या आणि चौदाव्या फ्रेटवर एकाच वेळी दाबा. सातव्या फ्रेटवर तारेखाली साध्या व्हिजिटिंग कार्डाच्या जाडीएवढी, म्हणजे पाव मिलिमीटरच्या आसपास, फट हवी. फट अजिबात नसेल तर ट्रस रॉड (मानेच्या आतली लोखंडी सळई) सैल करायचा, जास्त असेल तर कसायचा. एका वेळी पाव आट्याहून जास्त फिरवू नका आणि एक दिवस थांबून परत मोजा. बाराव्या फ्रेटवर जाड तार अडीच मिलिमीटर आणि बारीक तार दोनच्या आसपास असली की गिटार ठीक आहे.

आणि दुपारी सीताबर्डीत गाडी लावून गिटार आत ठेवून जाऊ नका. बंद गाडीत ६० अंशांच्या वर तापमान जातं आणि ब्रिजखालचा गोंद नरम पडू लागतो. १२–५३ जाडीच्या तारांचा एकूण ताण ७० किलोच्या पुढे असतो. ब्रिज उखडायला तेवढा पुरे.

एका व्हिडिओ कंपनीने माझी पाच गाणी मागितली. एकरकमी पैसे आणि "सर्व हक्क कायमचे" असा कागद. सही करावी का? — गीतकार, नंदनवन

सही करण्याआधी एका गाण्यात तीन मालमत्ता असतात, हे ध्यानात घ्या : शब्द, चाल आणि ध्वनिमुद्रण. शब्द लिहिणाऱ्याचे, चाल बांधणाऱ्याची आणि ध्वनिमुद्रण ज्याने खर्च केला त्या निर्मात्याचं. स्टुडिओचे पैसे कंपनी देत असेल तर ध्वनिमुद्रण तिचं, हे रास्त आहे. पण त्या एका खर्चात तुमचे शब्द आणि चालही कायमची देऊन टाकायची काही गरज नाही.

कॉपीराइट कायदा १९५७चा, पण २०१२ची दुरुस्ती तुमच्या कामाची. शब्द आणि चालीच्या कर्त्याला रॉयल्टीचा समान वाटा मागण्याचा हक्क आहे. तो वारसाला किंवा कॉपीराइट सोसायटीला सोडून इतर कोणाच्या नावे करता येत नाही. "रॉयल्टीवरचा हक्क सोडत आहे" असं वाक्य कागदावर असलं तरी ते टिकत नाही. पण ते टिकत नाही म्हणून सही करून टाका, असं आम्ही सांगणार नाही. कोर्टात जायला पैसा लागतो, आणि कंपनीला हे चांगलं ठाऊक असतं.

हस्तांतरण लेखी आणि सहीचं असावंच लागतं. कागदावर मुदत नसेल तर ती पाच वर्षं धरली जाते आणि प्रदेश नसेल तर भारत. म्हणूनच कंपन्या "कायमचे" आणि "संपूर्ण विश्वात" असं मुद्दाम लिहितात. तुम्ही "कायमचे" खोडून पाच किंवा सात वर्षं करा. प्रत्येक गाण्याचं नाव आणि पहिली ओळ कागदावर येऊ द्या. "पुढे लिहिली जाणारी गाणी" हे शब्द दिसले तर ते कलम आधी काढायला लावा. कंपनीने वर्षभरात हक्क वापरलाच नाही तर कायद्याने तो परत येतो, पण "कराराने वेगळं ठरलं नसेल तर" अशी पळवाट आहे. तेव्हा उलट काही लिहिलेलं नाही ना, ते तपासा.

नोंदणी सक्तीची नाही, गाणं रचताच हक्क तयार होतो. तरी वाद झाला तर नोंदणीचा कागद बोलतो. अर्ज फॉर्म १४वर ऑनलाइन होतो. शब्द किंवा चालीसाठी शुल्क ५०० रुपये, ध्वनिमुद्रणासाठी २,०००. डायरी क्रमांक मिळाल्यावर हरकतींसाठी ३० दिवस थांबावं लागतं.

त्यानंतर आयपीआरएस. गीतकार, संगीतकार आणि प्रकाशकांची ही संस्था १९६९ची. रेडिओ, कार्यक्रम, स्ट्रीमिंग यांतून वसूल झालेला वाटा ती सभासदांना देते. सभासद झालात तरी प्रत्येक गाणं वेगळं नोंदवावं लागतं, आणि त्यात शब्द-चालीच्या वाट्याची टक्केवारी भरावी लागते. ही टक्केवारी मित्राबरोबर चहाच्या टपरीवर ठरलेली असते आणि दोन वर्षांनी दोघांना वेगवेगळी आठवते. त्याच दिवशी कागदावर उतरवा. कंपनीच्या करारातही "आयपीआरएसकडे दिलेले हक्क वगळून" हे शब्द घालून घ्या.

तुकडोजी महाराजांची भजनं आणि भुलाबाईची गाणी गिटारवर रेकॉर्ड करायची आहेत. दोन्ही लोकगीतंच ना? — महिला मंडळ, वर्धा रोड

नाही, दोन्हींचा हिशेब वेगळा. भुलाबाईची गाणी पारंपरिक, कर्ता अज्ञात, त्यामुळे कोणाच्या परवानगीची गरज नाही. श्रेयात "पारंपरिक" लिहा. तुम्ही केलेली मांडणी तुमची असेल, पण मूळ गाणं तुमच्या नावावर नोंदवू नका. एखाद्या मावशीकडून वेगळी चाल किंवा जास्तीचं कडवं मिळालं असेल तर त्यांना विचारून त्यांचं नाव द्या. कायदा हे मागत नाही, आम्ही मागतो. जुन्या कॅसेटवरचा ढोलकीचा तुकडा उचलून वापरायचा असेल तर ती गोष्ट वेगळी. गाणं पारंपरिक असलं तरी ते ध्वनिमुद्रण कोणाचं तरी असतं.

राष्ट्रसंत तुकडोजी महाराजांचं निर्वाण ऑक्टोबर १९६८चं. कर्त्याच्या मृत्यूनंतरच्या वर्षापासून ६० वर्षं हक्क चालतो, म्हणजे २०२८ अखेरपर्यंत. भजन गावोगाव खंजिरीवर गायलं जातं म्हणून ते लोकगीत ठरत नाही. रेकॉर्ड करण्याआधी हक्क ज्यांच्याकडे आहेत त्यांची लेखी परवानगी घ्या. वामनदादा कर्डकांचं निधन २००४चं, त्यामुळे त्यांच्या रचनांचा हक्क २०६४ अखेरपर्यंत.

नवीन आवृत्तीसाठी कायद्यात एक परवान्याची वाट आहे, कलम ३१ सी. मूळ ध्वनिमुद्रणाच्या वर्षानंतर पाच वर्षं उलटलेली हवीत, आधी नोटीस द्यावी लागते आणि किमान ५०,००० प्रतींची रॉयल्टी आगाऊ भरावी लागते. छोट्या मंडळाला ही वाट परवडायची नाही. सरळ पत्र लिहिलेलं स्वस्त पडतं.

माझ्या गाण्याची सुरुवात अशी : "दूर माझ्या गावाकडे संत्र्याची ती बाग, आठवणींच्या सावलीत मनात पेटे आग." मित्र म्हणतात छान आहे, पण कार्यक्रमात कोणी लक्ष देत नाही. — नरखेडचा, सध्या मु. नागपूर

मित्र खोटं बोलत नाहीत, ओळ कानाला गोड आहे. पण संत्र्याच्या जागी आंबा टाकला तर तुमचं गाव रत्नागिरीला जातं, बाकी एक अक्षर बदलावं लागत नाही. अडचण तिथे आहे. कंट्री गाणं तपशिलावर चालतं. नरखेडच्या माणसाला ठाऊक असतं की आंबिया बहारासाठी डिसेंबरात बागेचं पाणी तोडतात, पानं मलूल होईस्तोवर झाडांना ताण देतात, मग जानेवारीत पाणी सोडलं की झाडं फुलावर येतात. बाप हातानं पाणी तोडतोय आणि घरात काय चाललंय, हे पहिल्या कडव्यात येऊ द्या. "आठवण" हा शब्द संपूर्ण गाण्यात नको.

बोलीत लिहायचं तर शेवटपर्यंत बोलीत. "पानी तोडलं बापानं, डोये भरले आईचे" असं सुरू केलंत तर पुढच्या कडव्यात "डोळे" आणि "पाणी" येऊ नयेत. आता हीच ओळ केरव्यात म्हणून बघा. समेवर "बापानं"मधला "पा" आला तर ओळ बसते, कारण तो दीर्घ आहे आणि गळा तिथे टेकू शकतो. तिथे "तोडलं"चा "लं" आला तर ओळ घसरते आणि गायक नकळत "लंऽऽ" असं ओढतो. नवख्या गाण्यांत हे फार ऐकू येतं. मोबाइलवर टाळी देत नुसती ओळ बोला, गाऊ नका. चूक लगेच कळते.

धृपद दोन ओळींचंच ठेवा, पण तिसऱ्या कडव्यानंतर तेच धृपद नव्या अर्थाने ऐकू यायला हवं. तसं होत नसेल तर तिसरं कडवं पहिल्याचीच नक्कल आहे, ते काढून टाका.

अमेरिकेतल्या कंट्री आणि फोक गायक-गीतकारांचं घर कशावर चालतं? आपल्याला त्यातलं काय घेता येईल? — वाचक, धरमपेठ

बऱ्याच जणांचं घर दौऱ्यांवर आणि प्रकाशन हक्कांवर, म्हणजे शब्द आणि चालीवरच्या हक्कांवर, चालतं. हे फार जुनं आहे. १९२७च्या उन्हाळ्यात राल्फ पीअर व्हिक्टर या रेकॉर्ड कंपनीतर्फे टेनेसीच्या ब्रिस्टल गावात आला आणि कार्टर फॅमिली, जिमी रॉजर्स यांची पहिली ध्वनिमुद्रणं त्याने केली. रेकॉर्डच्या एका बाजूचे, म्हणजे एका गाण्याचे, ५० डॉलर रोख दिले जायचे. पीअरची खरी नजर मात्र गाण्यांच्या प्रकाशन हक्कावर होती, आणि त्याची मोठी प्रकाशन कंपनी त्यातूनच उभी राहिली.

पुढची पिढी शहाणी झाली. १९७४ साली एल्विस प्रेस्लीला कंट्री गायिका-गीतकार डॉली पार्टनचं एक गाणं गायचं होतं. त्याच्या मॅनेजरने प्रकाशन हक्काचा अर्धा वाटा मागितला, आणि पार्टनने नाही म्हटलं. तेच गाणं १९९२ साली व्हिटनी ह्यूस्टनने गायलं आणि अमेरिकेत १४ आठवडे पहिल्या क्रमांकावर राहिलं. सगळ्यांना असा दिवस दिसत नाही. गीतकार टाउन्स व्हॅन झांटचं नाव त्याच्या हयातीत मोजक्यांनाच माहीत होतं, पण १९८३ साली विली नेल्सन आणि मर्ल हॅगर्डने त्याचं गाणं कंट्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर नेलं.

घेण्यासारखी आणखी एक गोष्ट म्हणजे नॅशव्हिलच्या ब्लूबर्ड कॅफेची बैठक. तीन-चार गीतकार खोलीच्या मध्यभागी गोल बसतात आणि आळीपाळीने एकेक गाणं म्हणतात. मंच नाही, बोलणं कमी, श्रोते शंभराच्या आत. नागपुरात कोणाच्याही गच्चीवर हे होऊ शकतं. हॉलचं भाडं भरून रिकाम्या खुर्च्यांसमोर गाण्यापेक्षा कितीतरी बरं.

घरीच रेकॉर्ड केलं तर चालेल? — अनेकांनी विचारलं आहे

चालेल. कपड्यांच्या कपाटासमोर बसा, पाठीमागे दोन गोधड्या टांगा. पंखा, कूलर, फ्रिज बंद ठेवा, म्हणून उन्हाळ्यात पहाटेच. कंडेन्सर माइकला ४८ व्होल्ट फँटम पॉवर लागते, ती इंटरफेसवरून (माइक कॉम्प्युटरला जोडणाऱ्या डबीवरून) मिळते. आवाजासाठी तोंडापासून वीतभर अंतर आणि मध्ये पॉप फिल्टर. गिटारसाठी माइक बाराव्या फ्रेटसमोर, २० ते ३० सेंटिमीटरवर. गोल भोकासमोर धरला की घुमतं. २४ बिट, ४८ किलोहर्ट्झ ठेवा आणि सर्वांत मोठा आवाज उणे १२ ते उणे ६ डेसिबलच्या मध्ये येऊ द्या. त्याहून वर नेऊन काही मिळत नाही.

वितरकाकडे, म्हणजे गाणं स्पॉटिफायसारख्या ठिकाणी चढवणाऱ्या कंपनीकडे, फाइल डब्ल्यूएव्ही द्या, एमपी३ नको. आयएसआरसी हा प्रत्येक ध्वनिमुद्रणाचा १२ अक्षर-अंकांचा ओळख क्रमांक बहुतेक वितरक स्वतःच देतात. तो वहीत उतरवून ठेवा, आयपीआरएसच्या नोंदणीत लागतो. वितरक बदलला तरी त्याच ध्वनिमुद्रणाला तोच क्रमांक ठेवा, नाहीतर ऐकल्याचे आकडे दुभंगतात. प्रकाशनाच्या तारखेआधी तीन-चार आठवडे गाणं चढवा. स्पॉटिफायच्या संपादकांकडे निदान सात दिवस आधी पाठवावं लागतं. आणि तिथे १२ महिन्यांत १,००० वेळा ऐकलं गेलं नाही तर त्या गाण्याचे पैसेच मिळत नाहीत.

मुलगा हिंगणा एमआयडीसीतली नोकरी सोडून गाण्यातच करिअर करायचं म्हणतो. आम्ही काय सांगावं? — पालक, त्रिमूर्तीनगर

अजून सोडू नको, असं सांगा. अमेरिकेतला गायक-गीतकार जॉन प्राइन शिकागोजवळ टपाल वाटत होता, आणि वाटता वाटता गाणी रचत होता. त्याचा पहिला अल्बम १९७१चा. नोकरीमुळे गाणं मरत नाही. दर महिन्याच्या हप्त्याच्या काळजीने मात्र माणूस कोणत्याही कागदावर सही करतो.

दरम्यान त्याने दोन दारं ठोठवावीत. आकाशवाणी नागपूरची सुगम किंवा लोकसंगीताची श्रवण चाचणी, त्यातून बी, बी-हाय, ए अशी श्रेणी मिळते. आणि सिव्हिल लाइन्समधलं दक्षिण मध्य क्षेत्र सांस्कृतिक केंद्र, जिथे लोककलावंतांचे महोत्सव होतात. रोजंदारीचं शिक्षण हवं असेल तर झाडीपट्टी, म्हणजे पूर्व विदर्भातली नाटकं. दिवाळीनंतर मंडई सुरू झाली की देसाईगंज वडसाच्या नाटक कंपन्या रात्र-रात्र प्रयोग करतात, आणि तिथे गायकाला पेटी-तबल्यासोबत, माइक गेला तरी, शेवटच्या रांगेपर्यंत पोचावं लागतं. दुसऱ्या कुठल्या शाळेत हे शिकवत नाहीत.

कार्यक्रम घेताना तारीख, वेळ, किती मिनिटं, साउंड कोणाचा, येण्या-जाण्याचा खर्च, व्हिडिओ कोण वापरणार, एवढं व्हॉट्सअॅपवर का होईना लिहून घ्यावं आणि अर्धी रक्कम आधी घ्यावी. आयोजक टीडीएस कापत असेल तर पॅन द्यावा, नाहीतर १० ऐवजी २० टक्के जातात. कापलेली रक्कम रिटर्न भरूनच परत मागता येते. म्हणून उत्पन्न कमी असलं तरी रिटर्न भरायला लावा.

लॉनवर गाताना गिटार सारखी शीळ घालते. — वाचक, जरीपटका

गोल भोकावर रबरी झाकण बसवा, मॉनिटरच्या (गायकाकडे तोंड केलेल्या स्पीकरच्या) तोंडासमोर उभे राहू नका, आणि साउंडवाल्याला १६० ते २५० हर्ट्झमधला भाग थोडा कापायला सांगा. पिकअपची तार सरळ मिक्सरला न जोडता डीआय बॉक्समधून (पिकअपचा आवाज मिक्सरला जुळवून देणाऱ्या डबीतून) न्या. आणि रात्री दहा वाजता लाउडस्पीकर बंद करावा लागतो, तेव्हा तुमचं सर्वांत चांगलं गाणं साडेनऊलाच म्हणून घ्या.